उरलेल्या जागेवरची रेघ

(या एपिसोडचा पूर्ण मजकूर. बोललेलं जवळपास तसंच ठेवलंय, फक्त अडखळणं आणि चहाचे घोट काढून टाकलेत.)

हेडफोन लावलेत ना? आज आपण एका रेघेबद्दल बोलणार आहोत. आडवी रेघ. फॉर्मवर "नाव" लिहिलेलं असतं आणि त्याच्यापुढे पानाच्या कडेपर्यंत जाते ना, ती. तुम्ही म्हणाल, ही काय एपिसोड करायची गोष्ट आहे? मलाही आधी तसंच वाटायचं. पण या रेघेनं आमच्या घरातली एक लाखाची भानगड दाखवून दिली, आणि तिच्या नादात मी कॉम्प्युटरवर पान जुळवायचं एक शास्त्रच शिकले. तर आधी घरची गोष्ट.

माझी आत्या सांगलीकडे एका लहान गावात राहते. शिलाईचं काम करते. काही वर्षांपूर्वी तिला पिको-फॉलचं मशीन घ्यायचं होतं, म्हणून तिनं ओळखीतल्या एकाकडून पंधरा हजार रुपये हातउसने घेतले. व्याज ठरलं, आणि एका छापील प्रॉमिसरी नोटवर सही झाली. स्टेशनरीच्या दुकानात मिळते ती, वर रेव्हेन्यू स्टॅम्प चिकटवायचा आणि त्यावर सही करायची. नोटवर छापलेलं होतं "रुपये", पुढे मोकळी जागा. "अक्षरी रुपये", पुढे मोकळी जागा. देणाऱ्यानं स्वतःच्या हातानं आकडा घातला, अगदी मधोमध: पंधरा हजार. अक्षरातही मधोमध. दिसायला एकदम नीटनेटकं.

आठ-नऊ महिन्यांनी आत्या उरलेले पैसे परत द्यायला गेली, तर नोटवर एक लाख पंधरा हजार! आकड्यात पंधराच्या आधी एक "१" आणि स्वल्पविराम. अक्षरात "पंधरा हजार"च्या आधी "एक लाख". शाई तीच, अक्षर तेच. एकही शब्द खोडलेला नाही, एकही आकडा गिरवलेला नाही. फक्त डावीकडे जी जागा उरली होती, ती कुणीतरी वापरली.

मी आत्याला फोनवर म्हटलं, "अगं, सही करताना त्या जागेवर रेघ का नाही मारलीस?" तर ती म्हणाली, "अगं, माणूस ओळखीचा. त्याच्यासमोर रेघ मारायची म्हणजे त्याला चोर म्हटल्यासारखं नाही का होत?"

हे वाक्य लक्षात ठेवा. शेवटी आपण त्याच्याकडे परत येणार आहोत.

नशीब असं, की सही झाली त्या दिवशी माझ्या आतेभावानं त्या नोटचा फोटो काढला होता. सहज, काही संशय म्हणून नाही. त्या फोटोत डावीकडची जागा कोरी दिसत होती. गावातल्या दोन मोठ्या माणसांसमोर तो फोटो ठेवला, आणि पंधरा हजार अधिक ठरलेलं व्याज यावर विषय मिटला. फोटो नसता तर? तर आत्याचा शब्द आणि त्याचा कागद, एवढंच उरलं असतं.

कोरी जागा आणि कायदा

आता मी वकील नाही, तेव्हा मी सांगते त्यावर कोर्टात जाऊ नका, वकिलाकडे जा. पण दोन-तीन गोष्टी प्रत्येकाला माहीत असाव्यात. आपल्याकडे चेक, प्रॉमिसरी नोट वगैरेंसाठी १८८१ चा कायदा आहे, निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्ट. तोच, ज्याच्या खाली चेक बाउन्सच्या केस चालतात.

त्याचं कलम १८ म्हणतं, आकड्यातली रक्कम आणि अक्षरातली रक्कम वेगळी असेल तर अक्षरातली धरायची. म्हणजे "अक्षरी रुपये"समोरची जागा जास्त नाजूक आहे. आपण काळजी आकड्याची करतो, आणि अक्षराच्या ओळीत ऐसपैस जागा सोडून देतो.

कलम ८७ म्हणतं, संमतीशिवाय कागदात महत्त्वाचा बदल केला, तर ज्याची संमती नव्हती त्याच्याविरुद्ध तो कागद रद्द होतो. छान. पण बदल झाला हे आधी दिसलं तर पाहिजे! खाडाखोड दिसते. रिकाम्या जागेत नंतर लिहिलेलं सहज दिसत नाही.

आणि कलम २० तर अजून विचार करायला लावणारं आहे. स्टॅम्प असलेला कागद तुम्ही पूर्ण कोरा किंवा अर्धवट भरलेला, सही करून समोरच्याच्या हातात दिलात, तर तो पूर्ण करायचा प्रथमदर्शनी अधिकारच त्याला मिळतो, स्टॅम्पमध्ये जेवढी रक्कम बसते त्या मर्यादेत. म्हणजे कोरी जागा सोडणं याचा अर्थ "मी विसरले" असा होत नाही. कायद्याच्या नजरेत तो "तू भर" असाही होऊ शकतो.

म्हणून तर चेकवर अक्षरी रकमेनंतर "फक्त" किंवा "मात्र" लिहून पुढे रेघ ओढायला सांगतात. आणि रक्कम एकदम डाव्या कडेला चिकटवून सुरू करायला सांगतात. परीक्षेत उत्तरपत्रिकेच्या कोऱ्या पानांवर तिरकी रेघ मारायला लावायचे, आठवतंय? तेच कारण.

दोन रेघा

इथं मला एक गंमत लक्षात आली. आपण ज्याला सरसकट "रेघ" म्हणतो, त्या दोन वेगळ्या रेघा आहेत.

एक रेघ अक्षरांच्या तळाशी असते. नाव, पुढे रेघ. पत्ता, पुढे रेघ. ही रेघ सांगते, "या, इथं लिहा."

दुसरी रेघ अक्षरांच्या मधोमध उंचीवर असते. "पंधरा हजार फक्त" आणि पुढे मधून गेलेली रेघ. ही सांगते, "इथं आता कुणी लिहायचं नाही."

दोन्ही रेघा काम एकच करतात: ओळीत जेवढी जागा उरली आहे तेवढी भरून काढतात. पण एक जागा उघडते आणि दुसरी जागा बंद करते. आत्याच्या नोटवर पहिली रेघ होती, दुसरी नव्हती.

मग मी ठरवलं, आत्याच्या बचत गटासाठी एक चांगली पावती तयार करायची. बारा बायका आहेत गटात, आपसात कर्ज देतात, आणि पावत्या वहीच्या फाडलेल्या कागदावर. म्हटलं, आपण कॉम्प्युटरवाले, एका संध्याकाळी होईल. झालं नाही अर्थातच.

अंडरस्कोअरचा संसार

पहिला प्रयत्न आपण सगळे करतो तोच. "नाव" टाइप केलं आणि अंडरस्कोअरचं बटण दाबून धरलं. रेघ सरसर पुढे गेली, कडेला पोचली, सोडलं. पुढची ओळ, परत तेच. स्क्रीनवर झकास. फाइल झेरॉक्सच्या दुकानात नेली, त्याच्या कॉम्प्युटरवर तो फॉन्ट नव्हता, त्यानं दुसरा लावला, आणि प्रत्येक रेघ कडेपलीकडे जाऊन तिचे दोन-तीन तुकडे खालच्या ओळीत सांडले. आणि कुणी कॉम्प्युटरवरच नाव भरायला गेलं तर रेघ पुढे पुढे ढकलली जाते. तुम्ही लिहिताय आणि रेघ पळतेय.

चूक कुठे आहे? आपण कॉम्प्युटरला "एवढे अंडरस्कोअर" असं सांगतोय. आपल्या मनात आहे "जेवढी जागा उरेल तेवढी". या दोन वेगळ्या सूचना आहेत.

वर्डमध्ये दुसरी सूचना देता येते, बरं का. पॅराग्राफच्या चौकटीत खाली डावीकडे "टॅब्ज" असं बटण असतं. तिथं उजव्या मार्जिनच्या मापावर एक टॅब ठेवायचा, त्याचं अलाइनमेंट "राइट" करायचं, आणि "लीडर" नावाच्या यादीतून चौथा पर्याय निवडायचा. तो सलग रेघेचा. मग फक्त "नाव" लिहून एकदा टॅब दाबा, रेघ बरोबर कडेपर्यंत. फॉन्ट बदला, काही हरकत नाही. दुसरा पर्याय टिंबांचा आहे, पुस्तकाच्या अनुक्रमणिकेत असतो तो. आणि तिसरा छोट्या आडव्या खुणांचा, जो ओळीच्या मधल्या उंचीवरून जातो. म्हणजे आपली "बंद करणारी" रेघ तिसऱ्या नंबरवर मिळते. इतकी वर्षं वर्ड वापरून मला हे माहीत नव्हतं.

"लीडर" हा शब्द छापखान्यातला आहे. नजरेला धरून पलीकडच्या पान क्रमांकापर्यंत नेतो, म्हणून लीडर. खिळे जुळवून छापायचे त्या काळात ओळीत हवा अशी नव्हतीच. रिकामी जागा म्हणजे सुद्धा धातूचा तुकडा. ओळ पूर्ण, घट्ट भरली नाही तर खिळे हलायचे, निसटायचे. रेघ हवी असेल तर त्या लांबीची धातूची पट्टी बसवायची. म्हणजे उरलेली जागा किती आहे हे कुणीतरी हातानं मोजायचं, आणि तेवढ्याच मापाचं काहीतरी तिथं ठेवायचं. जागा मोजणं हे कामच होतं.

गोंद, जो खरं तर स्प्रिंग आहे

हे मोजायचं काम कॉम्प्युटरवर सोपवायचं कसं, याचं सगळ्यात सुंदर उत्तर दिलं डोनाल्ड कनुथ यांनी. ते तेव्हा अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठात कॉम्प्युटर सायन्सचे प्राध्यापक होते. त्यांच्या "द आर्ट ऑफ कॉम्प्युटर प्रोग्रामिंग" या ग्रंथमालेच्या दुसऱ्या खंडाची नवी आवृत्ती निघायची होती. १९७७ मध्ये प्रुफं हातात आली आणि ते वैतागले. आधीची आवृत्ती धातूच्या खिळ्यांनी छापलेली, ही नव्या फोटो-टाइपसेटिंगनं, आणि गणिताची पानं त्यांना बघवेनात. आपण काय करतो अशा वेळी? एक रागीट ईमेल लिहितो. त्यांनी पानं जुळवणारा प्रोग्रॅमच लिहायला घेतला. लवकर होईल असं वाटलेलं काम दहा वर्षांहून जास्त चाललं. त्याचं नाव "टेक". पुढे लेस्ली लॅम्पोर्ट यांनी त्यावर वापरायला सोपी अशी "लाटेक" ही पद्धत बांधली. आज इंजिनिअरिंग, गणित, फिजिक्सचे प्रबंध जगभर लाटेकमध्ये लिहिले जातात. फोनच्या ब्राउझरवर ओव्हरलीफ उघडून तुम्हीही वापरू शकता.

टेकमध्ये प्रत्येक अक्षर म्हणजे एक डबा. आणि दोन शब्दांच्या मधली जागा म्हणजे "ग्लू", गोंद. पण हा गोंद ताणता येतो आणि आवळता येतो. कनुथनी स्वतःच पुढे लिहिलं की याला स्प्रिंग म्हणणं जास्त बरोबर झालं असतं, पण तोपर्यंत "गोंद" हे नाव चिकटून बसलं होतं!

लोकलची सीट डोळ्यांसमोर आणा. तीन जणांची सीट. चौथा आला की "जरा सरका ना", सगळे थोडे थोडे आवळतात. दोघंच असतील तर दोघं ऐसपैस बसतात. शब्दांमधला गोंद असाच आहे. त्याचं एक नेहमीचं माप असतं, किती ताणायचं ते ठरलेलं, किती आवळायचं ते ठरलेलं.

आता या सीटवर एक लहान पोरगं बसवा, जे जेवढी जागा मिळेल तेवढ्यात हातपाय पसरतं. मर्यादाच नाही. टेकमध्ये असा अमर्याद ताणणारा गोंद आहे, त्याचं नाव "एचफिल". "एच" म्हणजे हॉरिझॉन्टल, आडवा. एका ओळीत डावीकडे गावाचं नाव, मग एचफिल, मग उजवीकडे तारीख. मधली सगळी जागा तो खातो, तारीख कडेला जाऊन चिकटते.

आणि हा ताणलेला गोंद नुसता पांढरा ठेवायच्या ऐवजी त्याच्यात रेघ भरली की झाली आपली रेघ. कमांडचं नाव "एचरूलफिल". बॅकस्लॅश, मग एच, रूल, फिल, सगळं सलग आणि स्मॉल अक्षरांत. छापखान्याच्या भाषेत रूल म्हणजे रेघ. टिंबं हवी असतील तर "डॉटफिल". आता तुम्ही "एवढी रेघ" असं सांगत नाही, "उरलेली रेघ" असं सांगता. फॉन्ट बदला, कागद बदला, मार्जिन बदला, ती स्वतः हिशोब करते.

एका ओळीत दोन रेघा असतील तर? समान वाटणी. ए-फोर कागद २१० मिलिमीटर रुंद. दोन्हीकडे २५ मार्जिन, उरले १६०. "नाव" आणि "तारीख" हे शब्द आणि त्यांच्या मधल्या जागा मिळून समजा २५ गेले. उरले १३५. दोन एचरूलफिल टाकले तर प्रत्येकाला साडेसदुसष्ट मिलिमीटर. पण तारखेला एवढी जागा काय करायचीय? आणि उरलेली जागा म्हणजे काय ते आपण पाहिलंच. म्हणून तारखेची रेघ ३० मिलिमीटरच्या "मेकबॉक्स"मध्ये कोंडायची. मग नावाला १०५ मिळतात. "प्रीतम चंद्रशेखर कुलकर्णी-देशपांडे" सुद्धा बसेल.

अजून एक मजेशीर गोष्ट. टेकमध्ये अनंताचेही दर्जे आहेत. एका "एल"चा फिल, दोन "एल"चा फिल, आणि तीन "एल"चा सुद्धा. वरच्या दर्जाचा अनंत आला की खालच्याला शून्य मिळतं. याचा उपयोग काय? परिच्छेदाची शेवटची ओळ अर्धवट संपते तेव्हा उरलेली जागा भरायला टेक स्वतःच शेवटी एका "एल"चा अदृश्य गोंद ठेवतं. आपली रेघही त्याच दर्जाची असती तर दोघांत वाटणी होऊन रेघ अर्ध्यातच थांबली असती. पण एचरूलफिलमध्ये दोन "एल"चा गोंद आहे. म्हणून ती शेवटच्या ओळीतही थेट कडेपर्यंत जाते.

माझी फजिती

हे सगळं शिकून मी पावती केली. नाव, रेघ. रक्कम, रेघ. पत्त्याला तीन ओळी हव्या होत्या. मी लिहिलं: पत्ता, एचरूलफिल, नवी ओळ, एचरूलफिल, नवी ओळ, एचरूलफिल. रात्रीचे साडेबारा. पीडीएफ झाली, लाल रंगाची एरर नाही. पिवळ्या वॉर्निंग होत्या, "अंडरफुल एचबॉक्स" असं काहीतरी. वॉर्निंग कोण वाचतं? सकाळी पन्नास प्रती काढल्या आणि आत्याला दिल्या.

आत्यानं चष्मा लावला, पाहिलं, आणि म्हणाली, "अगं, पत्त्याला एकच रेघ आहे. खाली नुसतंच कोरं सोडलंयस."

कोरं! ज्या गोष्टीसाठी हा सगळा उद्योग केला, तीच.

कारण शोधायला मला दोन दिवस लागले. टेकचा नियम असा: ओळ तुटली की नव्या ओळीच्या सुरुवातीला जो गोंद असेल तो फेकून द्यायचा. आणि ते बरोबरच आहे. नाहीतर दोन शब्दांमधली जागा नव्या ओळीच्या आधी येऊन डावी कड वेडीवाकडी झाली असती. पण आपली रेघ शेवटी कोण? रंगवलेला गोंदच! दुसऱ्या ओळीत तिच्याआधी दुसरं काहीच नाही, म्हणून टेकनं ती उचलून टाकली. तिसरीचंही तेच.

उपाय एका शब्दाचा आहे. रेघेच्या आधी एक रिकामा डबा ठेवायचा. बॅकस्लॅश एमबॉक्स, आणि पुढे महिरपी कंसांची जोडी, आत काही नाही. डबा फेकला जात नाही, आणि त्याच्या मागचा गोंदही मग वाचतो. एसटीच्या खिडकीतून सीटवर रुमाल टाकतो ना आपण? अगदी तसं. रुमालाला वजन नाही, पण जागा धरलेली राहते.

ओळीच्या शेवटी मात्र हा रुमाल आपल्याला टाकावा लागत नाही. परिच्छेद संपताना टेक शेवटचा गोंदही काढून टाकतं, तेव्हा रेघ तिथंही गेली असती. पण लाटेकवाल्यांनी एचरूलफिलच्या व्याख्येतच शेवटी शून्य लांबीची एक अदृश्य जागा लावून ठेवली आहे, राखणीला. शून्य लांबी, पण त्यामुळे रेघ वाचते.

आपली लिपी वरून लोंबते

अजून एक अडचण आली, ती मराठीची. एचरूलफिलची रेघ अक्षरांच्या तळरेषेवर येते, जाडी ०.४ पॉइंट. टेकमध्ये एका इंचात ७२.२७ पॉइंट असतात, म्हणजे ही रेघ सुमारे ०.१४ मिलिमीटर जाडीची. इंग्रजी अक्षरं तळरेषेवर उभी राहतात, त्यामुळे ती रेघ त्यांना पायाखाली चालते. आपली अक्षरं शिरोरेषेला लोंबतात, आणि उकार, ऊकार, पाय मोडलेली अक्षरं तळाच्या खाली जातात. "सुमन पुजारी" असं छापलं की तळरेषेवरची रेघ दोन्ही उकारांना कापून जाते.

तेव्हा रेघ थोडी खाली ढकलावी लागते. त्यासाठी एचरूलफिल सोडून त्याच्या पोटातलं मूळ वाक्य लिहायचं: "लीडर्स", मग "एचरूल", मग उंची, खोली, आणि शेवटी "एचफिल". उंची म्हणजे तळरेषेच्या वर किती, खोली म्हणजे खाली किती. जाडी म्हणजे दोन्हींची बेरीज. उंची उणे २ पॉइंट, खोली २.४ पॉइंट दिली की बेरीज ०.४, आणि रेघ तळरेषेच्या दोन पॉइंट खाली. उकारांना मोकळा श्वास.

आणि उलट केलं की? उंची ३.४, खोली उणे ३. जाडी तीच, पण रेघ तळरेषेच्या तीन पॉइंट वर. ही आपली दुसरी रेघ, बंद करणारी! दोन आकडे बदलले की "इथं लिहा"चं "इथं लिहू नका" होतं. तुमच्या फॉन्टच्या आकाराप्रमाणे हे आकडे थोडे वरखाली करा, अक्षराच्या पोटातून गेली पाहिजे.

लाटेकमध्ये मराठी चालतं का, असं विचारणाऱ्यांसाठी: चालतं, छान चालतं. नेदरलँड्समधल्या ग्रोनिंगन विद्यापीठातल्या फ्रान्स वेल्टहाउस यांनी १९९१ मध्येच टेकसाठी देवनागरी तयार केली होती. तेव्हा रोमन अक्षरांत लिहून देवनागरी मिळवावी लागायची. आता झीलाटेकमध्ये थेट मराठी टाइप करा, आयआयटी मुंबईचा मोफत "शोभिका" फॉन्ट लावा, काम झालं.

आणि वेबसाइट बनवणाऱ्या मित्रांनो, हे तुम्ही रोज करताच. फ्लेक्सच्या चौकटीत रिकाम्या डब्याला "फ्लेक्स-ग्रो एक" आणि खाली बॉर्डर दिली की तीच रेघ. कल्पना तीच: उरेल ते माझं.

कनुथचा चेक

जाता जाता चेकची एक गोष्ट. कनुथ यांच्या पुस्तकात चूक दाखवली की ते दोन डॉलर छप्पन सेंटचा चेक पाठवायचे. २५६ सेंट, म्हणजे हेक्साडेसिमलमधला एक डॉलर! लोक तो वटवायचेच नाहीत, फ्रेम करून भिंतीवर लावायचे, स्कॅन करून नेटवर टाकायचे. आणि तिथंच गडबड झाली. चेकवर खात्याचा नंबर असतो. त्याचा गैरवापर व्हायला लागला, आणि २००८ मध्ये त्यांनी खरे चेक पाठवणं बंद केलं. आता ते "बँक ऑफ सॅन सेरिफ" नावाच्या काल्पनिक बँकेचं प्रमाणपत्र देतात. म्हणजे ज्या माणसानं जगाला उरलेली जागा भरायला शिकवलं, त्यालाही कागदावर किती उघडं ठेवायचं याचा विचार करावा लागला.

तर मंडळी

आत्याच्या गटाची पावती आता तयार आहे. नाव आणि पत्त्याला तळाची रेघ. रकमेचं मात्र असं केलंय की ती आधी टाइप करायची आणि मगच छापायची. अक्षरी रक्कम डाव्या कडेला चिकटून सुरू होते, शेवटी "फक्त", आणि तिथून कडेपर्यंत मधली रेघ. हातानं भरायची वेळ आली तर खाली एक सूचना छापली आहे: "उरलेल्या जागेवर दोघांसमोर रेघ ओढावी." आणि सही झाली की दोघांनीही फोटो काढायचा.

आठवतंय आत्या काय म्हणाली होती? ओळखीच्या माणसासमोर रेघ मारणं म्हणजे त्याला चोर म्हटल्यासारखं. मी यावर खूप विचार केला. तिचं खोटं नव्हतं. आपल्याकडे कागद पूर्ण वाचायला घेतला तरी समोरच्याला राग येतो. आणि रेघ हातानं, त्याच क्षणी, त्याच्या डोळ्यांसमोर ओढायची असेल तर ती संशयाची वाटतेच. पण तीच रेघ आधीच छापून आली असेल, सगळ्यांच्या पावतीवर सारखीच, तर ती कुणावरच संशय घेत नाही. ती नुसती पद्धत होते. बचत गटातल्या बारा जणींपैकी एकीलाही आता रेघ ओढताना संकोच वाटत नाही, कारण तसं पावतीवरच लिहिलंय.

मला वाटतं, चांगला फॉर्म करणाऱ्याचं हे खरं काम आहे. भिडस्त माणसाला जे तोंडानं म्हणता येत नाही, ते त्याच्या वतीनं कागदावर आधीच म्हणून ठेवायचं.

तेव्हा आज एवढंच करा. घरात कुणी सही करत असेल, भाडेकरार, हातउसन्याची चिठ्ठी, काहीही, तर आधी उरलेल्या जागेकडे बघा. रकमेच्या उजवीकडे बघा, आणि डावीकडेही बघा. आणि कुणी "एवढा काय अविश्वास?" म्हणालं, तर हसून सांगा, "नाही हो, आमच्याकडे पद्धतच आहे."

भेटू पुढच्या एपिसोडमध्ये. तोवर वॉर्निंग वाचत जा. मीही वाचते आता. काळजी घ्या!